सुजलेल्या डोळ्याचं कौतुक

"डोळ्याची सूज काय काढलीय गं, अगदी खरी वाटते!"

माझ्यापुढच्या बाई मैत्रिणीला सांगत होत्या. मैत्रीण दोरीवरून वाकून मोबाइलमध्ये फोटो काढत होती. "आणि तो निळा बघ. कडेला जरासा पिवळट केलाय. मार लागला की तिसऱ्या दिवशी असंच होतं. बारकाईने केलंय हो पोरीने."

तो डोळा माझा होता. त्या दोघी माझ्याच सुजेचं कौतुक करत होत्या आणि मी त्यांच्या मागे पर्स छातीशी धरून उभी होते.

डोंबिवलीतल्या एका शाळेच्या सभागृहात पाडव्यानिमित्त रांगोळ्यांचं प्रदर्शन भरलं होतं. ठिपक्यांच्या नाहीत, व्यक्तिचित्रांच्या रांगोळ्या. जमिनीवर रंग चाळून चाळून माणसाचा चेहरा असा उभा करतात की फोटोच वाटावा. लोक येतात तेही तेवढ्यासाठीच, आणि बाहेर पडताना सगळ्यांच्या तोंडी 'हुबेहूब' हा एकच शब्द. माझी मुलगी संचिता लग्न होऊन डोंबिवलीत आली तेव्हापासून त्यात भाग घेते. दरवर्षी कुणीतरी संत, नाहीतर नऊवारीतली हसरी म्हातारी, नाहीतर वाघ. यंदा काय काढतेय ते तिने सांगितलं नव्हतं. "आई, तू शनिवारी एकटी ये. बाबांना रविवारी आण हवं तर," एवढंच म्हणाली होती. मला वाटलं, यंदा मला काढलं असेल. खोटं कशाला बोलू, चांगली साडी नेसून गेले होते.

काढलं होतं मलाच. आमच्या कळव्याच्या चाळीतल्या जुन्या घराच्या दारात मी उकिडवी बसलेय. चिमटीत रांगोळी, समोर अर्धेमुर्धे ठिपके. मान वर करून कुणाकडे तरी बघतेय आणि डावा डोळा टरारून सुजून मिटलेला, काळानिळा. ओठ मात्र हसतायत. जाता-येता शेजारीण बोलली की आपण हसतो तसे. मला ते हसूच जास्त लागलं. डोळा ह्यांनी दिलेला होता, हसू माझं मी आणलेलं होतं.

'हे' म्हणजे पोपटराव, माझे यजमान. वागळे इस्टेटमधल्या एका कारखान्यातून रिटायर झाले, आता वर्तकनगरला आमच्या वसाहतीतल्या ज्येष्ठ नागरिकांच्या कट्ट्याचे अध्यक्ष. त्यांना सगळे काका म्हणतात. कुणाच्या घरी काही झालं की आधी काकांना बोलावतात.

मी संचिताला दंडाला धरून जिन्यात नेलं.

"हे काय केलंस?"

"आई, आधी पाणी पी. आत पंखे बंद आहेत, तुला चक्कर येईल."

"पाणी गेलं खड्ड्यात. पूस ते."

"नाही पुसणार."

"अगं, मी ही गोष्ट कुणाला सांगितली नाही. तुझ्या आजीला नाही, मावशीला नाही. माझी गोष्ट होती ती. आणि तू डोंबिवलीच्या लोकांसमोर मांडून ठेवलीस?"

"तुझी एकटीची नाहीये ती." तिचा आवाज खाली आला. "दाराच्या कडेला बोटं काढलीत, बघितलीस? चार बोटं. ती माझीयेत. मी रोज त्या दाराआड उभी असायचे."

बोटं मी बघितली नव्हती. मी माझ्या डोळ्यातच अडकले होते.

"मग विचारायचंस तरी मला."

"विचारलं असतं तर हो म्हणाली असतीस?"

"नसते म्हणाले."

"म्हणूनच नाही विचारलं."

आता ह्याला काय म्हणावं? लहानपणी डब्यातली बिस्किटं ती अशीच घ्यायची. विचारलं तर नाही म्हणशील, म्हणून न विचारता घेतली, असं तोंड वर करून सांगायची. तेव्हा मी हसायचे. आता हसू आलं नाही.

"ऋजुता परवा म्हणाली, आजोबा किती गोड आहेत ना," संचिता म्हणाली. ऋजुता तिची मुलगी, दुसरीत आहे. "मी हो म्हटलं तिला. मग दिवसभर मला घास गेला नाही. मी पण तुझ्यासारखीच हसून हो म्हणतेय, असं वाटलं."

"उद्या बाबा येणार आहेत इथे."

"येऊ देत."

"त्यांना शिक्षा करायला काढलंस का?"

तिने बोटांवरचा रंग चोळला. "नाही. म्हणजे... मला माहीत नाही, आई. असेलही."

खरं बोलली म्हणून राग गेला असं नाही. संचिताचं लग्न झालं तेव्हापासून ह्यांनी माझ्या अंगाला हात लावलेला नाही. का थांबले ते मी विचारलं नाही, त्यांनी सांगितलं नाही. आता सकाळचा चहा ते करतात. संध्याकाळी टीव्हीसमोर बसून मला लसूण सोलून देतात. मोठ्या मुश्किलीने मिळालेली शांतता होती ती. हे चित्र बघून ते एकतर मुलीशी कायमचं बोलणं टाकतील, नाहीतर घरी आल्यावर माझ्याशी पूर्वीसारखे वागतील. मुलगी किंवा घर, दोन्हीतलं एक जाणार. आणि मला दोन्ही हवं होतं, त्यात माझं काय चुकलं?

संचिता चहा आणायला गेली तेवढ्यात कादंबरी मॅडमनी मला गाठलं. रांगोळीचे वर्ग त्यांचे, प्रदर्शनही त्यांचंच. अंबाड्यावर गजरा, बोलणं तोलूनमापून.

"आपण संचिताच्या आई ना? बरं झालं भेटलात. मी तिला खूप समजावलं हो. वर्षप्रतिपदेचा दिवस, रांगोळीसारखी मंगल गोष्ट, तिच्यात हे असं दाखवू नये. काही विषय रांगोळीचे नसतातच. या गोष्टी घरोघरी असतात, मी नाही म्हणत नाही, पण त्या घरातच राहाव्यात. तुम्ही एक शब्द टाकलात तर ती ऐकेल. त्या जागी आम्ही कमळ भरून घेऊ."

माझ्या तोंडाकडे बघून बोलत होत्या आणि त्यांनी मला ओळखलेलं नव्हतं. मला जे हवं होतं तेच त्या बाई ताटात वाढून देत होत्या. हो म्हणायचं आणि सुटायचं. पण ते 'घरोघरी असतात' माझ्या डोक्यात गेलं. आणि वर कमळ!

"मॅडम," मी म्हटलं, "सुजल्या तोंडाची बाई रोज सकाळी दारात रांगोळी काढते, तेव्हा ती रांगोळी अमंगळ होत नाही. मग त्या बाईचीच काढली तर कशी होते?"

त्यांनी माझ्याकडे बघितलं, रांगोळीकडे बघितलं, पुन्हा माझ्याकडे बघितलं आणि नजर खाली घातली. "मला कल्पना नव्हती," म्हणाल्या आणि कुणीतरी हाक मारल्यासारख्या निघून गेल्या. माझ्याच तोंडाने मी माझं गुपित फोडलं होतं, आणि तेही असल्या बाईपाशी.

भिंतीवर पंख्यांची बटणं होती. रंग उडू नयेत म्हणून त्यांच्यावर चिकटपट्टी मारलेली. मी तिथे जाऊन उभी राहिले. एक बटण दाबलं असतं तर मिनिटभरात माझा डोळा, माझं हसू, सगळं धूळ होऊन गेलं असतं. चुकून लागलं म्हटलं असतं, म्हातारीला कोण काय बोलणार? पट्टीचा कोपरा नखाने सोडवलाही. पण संचिताच्या रांगोळीशेजारी एक कॉलेजातली मुलगी फळीवर पालथी पडून वाघाच्या मिशीचा एकेक केस भरत होती. श्वाससुद्धा बेताने घेत होती बिचारी. मी पट्टी परत दाबून बसवली आणि चहा न पिताच निघाले.

घरी हे वाटच बघत होते. "काय काढलंय गं पोरीने?"

"बाईचं चित्र आहे."

"कुठल्या बाईचं?"

"आहे कुणीतरी. जुन्या काळातली."

"सखारामला सांगून ठेवलंय. उद्या संध्याकाळी जाऊया. कमलेश गाडी काढतोय." सखारामभाऊजी ह्यांच्या कारखान्यातले जुने दोस्त, कमलेश आमच्या खालच्या मजल्यावरचा.

मी सांगून बघितलं. आत पंखे बंद असतात, उकाड्याने जीव जातो. तुमचं बीपी आहे. पाडव्याच्या दिवशी डोंबिवलीत गर्दी असते, गाडी लावायला जागा मिळायची नाही.

"अगं, पोरीने एवढं काढलंय, बापाने बघायला नको?" ते म्हणाले, आणि इतक्या मायेने म्हणाले की मला पुढे बोलवेना. मी कणीक मळायला घेतली. ते समोर बसून लसूण सोलत होते आणि मी त्यांच्या हातांकडे बघत होते. नखाने पाकळी सोलायची, फुंकर मारून साल उडवायची. मला त्या हातांची सवय झाली होती.

संचिताला फोन केला. "उद्या येतायत. सखारामभाऊजी पण आहेत बरोबर."

"ठीक आहे."

"तू तिथे नसलीस तर बरं."

"मी असणार." मग म्हणाली, "आई, घाबरलीयेस का?"

"नाही गं," मी म्हटलं. आणि घाईने फोन ठेवून दिला.

पाडव्याची सकाळ गुढी, कडुनिंब, श्रीखंड ह्यात कशीबशी गेली. संध्याकाळी कमलेशने गाडी माणकोलीच्या नव्या पुलावरून घातली. हे पुढे बसले होते. सखारामभाऊजींना मागे वळून सांगत होते, "संचू लहानपणी कळव्याच्या भिंती खडूने रंगवून ठेवायची. मी कधी एक शब्द बोललो नाही तिला. हात तर सोडाच." ते खरं होतं. तिला त्यांनी कधीच हात लावला नाही. भाऊजी म्हणाले, "तुझा स्वभावच शांत रे." मी खिडकीतून खाडी बघत बसले. एकदा मनात आलं, छातीत दुखतंय म्हणावं. म्हणजे गाडी वळवतील. पण किती दिवस वळवणार? आणि आपल्या छातीचं खोटं दुखणं काढायचं, तेही पोरीचं चित्र लपवायला. लाज वाटली.

सभागृहात मुंगी शिरायला जागा नव्हती. लोक दोरीच्या कडेने हळूहळू सरकत होते. हे प्रत्येक रांगोळीपाशी थांबत, "वा, वा" करत. संचिता तिच्या रांगोळीच्या उशाशी हात बांधून उभी होती. तिनेही रात्री झोप काढलेली दिसत नव्हती.

"कुठेय आमच्या पोरीचं?" हे गर्दीतून पुढे झाले. खिशातून चष्मा काढून लावला, वाकले. बराच वेळ वाकून राहिले. दोन्ही हात पाठीमागे, एकात एक धरलेले. मी चित्राकडे बघतच नव्हते, त्या हातांकडे बघत होते.

"अगं, ही तर तू!" ते एवढ्या मोठ्याने म्हणाले की चार लोक वळले. "सखा, बघ, आमची मालन! कळव्याचं घर रे ते. तो दाराचा रंग बघ. हुबेहूब!" मग अनोळखी लोकांना सांगायला लागले, "माझ्या मुलीने काढलंय. आणि ही तिची आई, ही बघा, चित्रातली."

लोकांनी माझ्याकडे बघितलं. मग चित्राकडे बघितलं. मग पुन्हा माझ्याकडे, आणि त्या वेळी त्यांच्या चेहऱ्यावरचं हसू जाग्यावरच अडकलं. एका बाईने उचललेला मोबाइल तसाच धरून ठेवला.

सखारामभाऊजींनी अवघडून विचारलं, "वहिनी, डोळ्याला काय झालेलं?"

ह्या प्रश्नाची मी कालपासून तयारी करत होते. गांधीलमाशी चावली होती. रांजणवाडी झाली होती. पण मी तोंड उघडायच्या आत हेच म्हणाले, "अरे, नळावर घसरलेली ती. शेवाळ असायचं तिथे. हजारदा सांगितलेलं हिला, बघून चालत जा म्हणून." आणि माझ्याकडे वळून म्हणाले, "ना गं?"

ही माझी थाप होती. शेजारच्या सखुबाईला मी ती सांगितली होती, सासूबाईंना सांगितली होती, दूधवाल्यालाही सांगितली होती. ह्यांना सांगायची कधी गरजच पडली नव्हती. त्यांनी ती चाळीत कुणाच्या तरी तोंडून ऐकली असणार, आणि मग तीच खरी धरून बसले. मी त्यांचा चेहरा निरखला. इतकी वर्षं संसार केलाय, नाटक करतायत की नाही ते मला कळतं. नाटक नव्हतं. साफ विसरले होते. उलट आपण बायकोला जपून चालायला सांगायचो, हे त्यांना आठवत होतं.

मी कालपासून ह्यांची अब्रू जाईल म्हणून मरत होते. आणि ह्यांच्याकडे त्यातलं काहीच शिल्लक नव्हतं. सगळं माझ्याकडे ठेवून मोकळे झाले होते. राग असा उसळला की मला माझाच आवाज ओळखू येईना.

"नाही," मी म्हटलं. "घसरले नव्हते. तुम्ही मारलंत. राखीला भावाकडे जाते म्हटलं म्हणून तांब्या फेकून मारलात."

ह्यांच्या ओठांवर हसू तसंच होतं. "काहीतरीच काय बोलतेस? सखा, ऐकतोयस? सणाच्या दिवशी..."

सखारामभाऊजी शेजारचा वाघ बघत होते. संचिताला जे सांगायचं होतं ते तिचं सांगून झालं होतं.

ह्यांनी पुन्हा रांगोळीकडे बघितलं. ह्या वेळी बघत राहिले. मान लाल झाली, मग कान. मग पाठीमागचा उजवा हात सुटून एकदम वर आला.

तो चष्मा काढायला आला होता. पण मला ते कळायच्या आत माझं कोपर डोळ्यासमोर गेलं होतं, मान खांद्यात गेली होती आणि मी अर्धी खाली बसले होते. एवढी वर्षं मधे गेली, मुलीचं लग्न झालं, नात झाली, लसणाच्या किती पाकळ्या सोलून झाल्या, आणि माझं अंग काही विसरलेलं नव्हतं.

त्या बाईने मोबाइल खाली घेतला. आता कुणी हुबेहूब म्हणालं नाही.

हे हातात चष्मा धरून माझ्या कोपराकडे बघत होते. त्यांना तेव्हा आठवलं. पोरीने दिवसरात्र खपून काढलेल्या रांगोळीने जे झालं नाही ते त्या कोपराने झालं. तोंड एकदम म्हातारं दिसायला लागलं. मग लोकांनी वाट दिली तिथून बाहेर निघून गेले. भाऊजी त्यांच्या मागे गेले.

माझ्या मागे कुणीतरी खुर्ची सरकवली. मी बसले नाही. एवढी वर्षं हे रागाने निघून गेले की मी पाठोपाठ जायचे, पाणी घेऊन, चपला घेऊन, माफी घेऊन. आताही पाय तिकडे वळत होते. मी दोरी घट्ट धरून ठेवली.

संचिता माझ्याजवळ आली. डोळे भरलेले, हातांना निळा रंग.

"आई," ती म्हणाली, "पुसू का?"

"हे काढायच्या आधी विचारायचं होतंस."

"हो," ती म्हणाली. "चुकलं माझं."

"चुकलंच. पुन्हा माझं काही काढायचं झालं तर मला विचारायचं. आणि मी नाही म्हटलं तर नाही."

तिने मान हलवली. मी तिच्या रंगीत हाताला धरलं. घरी गेल्यावर काय होणार ते मला माहीत नव्हतं. ते रडतील, की तोंड फिरवून झोपतील, की उद्यापासून मुलीचं नावही घेणार नाहीत. भीती होती तिथेच होती.

"राहू दे ते," मी म्हटलं. "प्रदर्शन संपलं की मी माझ्या हाताने पुसेन."

तेवढ्यात कमलेश धापा टाकत आला. "काकू, काका गाडीत जाऊन बसलेत. एक शब्द बोलत नाहीत. फक्त म्हणाले, तिला बोलाव, घरी जाऊया. चला ना लवकर."

"त्यांना सांग, थांबा म्हणावं," मी म्हटलं. "माझं चित्र मी अजून नीट बघितलेलं नाही."